प्राडावर तुटून पडलात, कातड्याचं काय?

सुभाषनगरवाला
2025 ला प्राडा या इटालियन फॅशन कंपनीनं मिलानच्या रॅम्पवर आपली कोल्हापुरी चप्पल आणली, अख्खं कोल्हापूर पेटलं. बरंच झालं. पण आमचा घास त्याआधीच गेलाय, 2015 च्या गोवंश हत्याबंदी कायद्यानं. 1976 पासून गाय होतीच, आता बैल आणि वळूही आले. शिक्षा पाच वर्षांपर्यंत. म्हशीला बंदी नाही, मान्य. पण टेम्पोतलं कातडं म्हशीचं का बैलाचं, हे हायवेला अडवणाऱ्याला कळतंय होय? आमच्या माल देणाऱ्यानं दोनदा मार खाल्ला, तिसऱ्यांदा फोनच उचलला नाही. आता चेन्नईचा माल, तोही रोखीनं. आजोबा हिरडा-बाभळीत कमावलेलं कातडं नखानं दाबून घ्यायचे. हे पावसात भिजलं की फुगतंय. 2019 ला चपलेला जीआय, म्हणजे भौगोलिक मानांकन, मिळालं म्हणून पेढे वाटले होते आम्ही!

पंचगंगाकाठ
कायद्याला कशाला दोष? मेलेल्या जनावराचं कातडं आजही चालतंय. मारहाण करणारे गुंड, तो पोलिसांचा विषय. धंदा बसला तो रेक्झिनच्या चपलांनी, आणि पोरं एमआयडीसीत गेली म्हणून. ज्या बैलाला बेंदराला पुरणपोळी चारली, त्यालाच कसायाला द्यायचं?

नांगरट
पोळी आम्ही चारतो भावा, तुम्ही फोटो टाकता. म्हातारा बैल वडगावच्या बाजारात विकायचा, वर भर घालून खोंड आणायचा, असं चालायचं. आता त्याला गिऱ्हाईकच नाही. माझा एक बसला की उठत नाही. एकानं शेपटी धरायची, दुसऱ्यानं पोटाखाली खांदा लावायचा. वैरण त्यालाही तेवढीच लागते, दुभत्या म्हशीएवढी. दुसरा मेल्यावर जोडी केलीच नाही, भाड्याचा ट्रॅक्टर सांगतो. दावणीला बैल वाढला का कमी झाला, तुम्हीच मोजा.

पंचगंगाकाठ
गोशाळेत सोडा की.

नांगरट
विचारलं. जागा नाही म्हणाले. वर्गणीचं पुस्तक मात्र पुढं केलं.

कोर्टाच्या पायरीवर
दोघंही जरा कायदा बघा. बंदी आहे ती कत्तलीला, कत्तलीसाठी विक्री-वाहतुकीला आणि मांस बाळगायला. 2016 ला मुंबई उच्च न्यायालयानं बैलांची बंदी कायम ठेवली, पण परराज्यात कापलेल्या जनावराचं मांस बाळगणं गुन्हा धरायचं कलम रद्द केलं. चपलेच्या कातड्याला भ्यायचं कारण नाही. मालाची पावती जवळ ठेवायची, बस्स.

सुभाषनगरवाला
पावती होती साहेब. त्यानं ती उलटी धरून वाचली.