त्रिघाती बहुपदीचं तिसरं मूळ सापडेना

मुलुंडची_आई
लेक अकरावी सायन्सला. क्लासच्या शीटमधली दोन गणितं अडलीत. मी कॉमर्सवाली, तरी बसले सोबत.
पहिलं: २क्ष³ − ३क्ष² − ११क्ष + ६. क्षला ३ आणि −२ घेतलं की शून्य येतं. तिसरं? ६ चे सगळे विभाजक घालून झाले.
दुसरं: क्ष³ − ३क्ष + १. इथे एकही लागू पडत नाही, पण मोबाइलवर आलेख काढला तर अक्षाला तीनदा छेदतो! शीटच चुकलीय का? सर ‘ट्राय करा’ एवढंच म्हणतात.

गिरगाव_शिकवणी
ताई, शीट बरोबर आहे. तुम्ही ६ कडे बघितलंत, क्ष³ च्या मागच्या २ कडे नाही. सहगुणक (क्षच्या घातांमागचे आकडे) पूर्णांक असले की परिमेय मुळाचा, म्हणजे अपूर्णांकात लिहिता येणाऱ्या मुळाचा, संक्षिप्त रूपातला अंश स्थिरपदाला (इथे ६) भागतो आणि छेद पहिल्या सहगुणकाला. म्हणजे १/२, ३/२ हेही उमेदवार.
पण तिसरं मूळ हुडकत बसायचंच कशाला? ३ मिळाला ना, लगेच संश्लेषक भागाकार, म्हणजे नुसते सहगुणक मांडून (क्ष − ३) ने भागायचं. २, −३, −११, ६ मांडा. २ खाली उतरवा. दोन त्रिक सहा, −३ मध्ये मिळवा: ३. तीन त्रिक नऊ, −११ मध्ये मिळवा: −२. त्याची तिप्पट −६, बाकी शून्य. उरलं २क्ष² + ३क्ष − २, म्हणजे (२क्ष − १)(क्ष + २). झालं, तिसरं मूळ १/२. एक मूळ मिळालं की पोरं दुसऱ्यामागे धावतात, भागाकाराचा कंटाळा!
दुसऱ्यात उमेदवार दोनच, १ आणि −१. किमती −१ आणि ३ येतात, म्हणजे परिमेय मूळ नाही. आता −२ पासून २ पर्यंत किमती काढा: −१, ३, १, −१, ३. चिन्ह तीनदा बदललं, म्हणून वास्तव मुळं तीन, तिन्ही अपरिमेय.

पवई_हॉस्टेल
क्ष = २ कॉस θ घाला, कॉस ३θ = −१/२ येतं. मुळं २ कॉस ४०°, २ कॉस ८०°, २ कॉस १६०°, साधारण १.५३२, ०.३४७, −१.८७९. इटालियन गणिती कार्डानोने १५४५ मध्ये छापलेलं त्रिघातीचं सूत्र लावलंत तर मध्येच √(−३/४) येतं. मुळं तिन्ही वास्तव, तरी!

मुलुंडची_आई
भागाकार जमला तिला. दुसऱ्याचं वहीत काय लिहायचं पण?

गिरगाव_शिकवणी
‘परिमेय अवयव पाडा’ असेल तर ±१ तपासून ‘पडत नाहीत’ लिहा. मुळं विचारली असतील तर कॉसवाली. नुसत्या मोबाइलच्या आलेखाला मी तरी मार्क देणार नाही.