लेमूर आणि सुलताना: एकत्र वाचावं की वेगवेगळं?

सात रस्ता:
आमच्या बायकांच्या वाचनगटात मी पुढची दोन पुस्तकं सुचवली आणि वाद पेटला. एक, प्राणिशास्त्रज्ञ ॲलिसन जॉली यांचं मादागास्कर बेटावरच्या लेमूरांविषयीचं (माकडांचे हे दूरचे नातलग) 'लॉर्ड्स अँड लेमर्स'. दुसरं, रोकेया सखावत हुसेन यांची १९०५ सालची 'सुलतानाज ड्रीम' ही कथा. बेटावरच्या प्राण्यांचं स्त्रीवादी विज्ञानकथेशी काय नातं, असं बऱ्याच जणींनी विचारलं. माझ्या मते ही पाठोपाठच वाचायला हवीत.

मादागास्करच्या दक्षिणेला बेरेंटी नावाचं जंगल आहे. नदीकाठी चिंचेची मोठमोठी झाडं. शेपटीवर काळेपांढरे पट्टे असलेला नर लेमूर चिंच खात बसलेला असतो. मादी येते, एक थोबाडीत देते, चिंच काढून घेते. नर कुरकुरत बाजूला होतो. कळपातली सगळ्यात खालच्या पायरीवरची मादीसुद्धा नराला हुसकावते. 'नर हाच कळपाचा म्होरक्या' असं धरून चालण्याच्या काळात जॉली यांनी हे आधीच्या एका पुस्तकात, १९६६ मध्येच, लिहिलं होतं. 'निसर्गच असा आहे' हे ऐकत मोठ्या झालेल्या बायकांनी आधी हे वाचावं, मग सुलतानाच्या स्वप्नातल्या देशात जावं. तिथे पुरुष मर्दान्यात, म्हणजे जनान्यासारखे पडद्याआड, बायका राज्य चालवतात आणि सूर्याच्या उष्णतेवर बिनधुराचा स्वयंपाक होतो.

जुळे सोलापूर:
ताई, पुस्तकं दोन्ही चांगली, पण जोडी साफ चुकीची. लेमूरच्या मादीनं थप्पड मारली म्हणून आपल्या पोरींना हक्क मिळायचे का? उद्या कुणी एखाद्या माकडाचा दाखला देईल, जिथे नर मादीला चावून वठणीवर आणतो. मग काय म्हणणार?

आणि रोकेयांची कथा नीट वाचा. सुलताना म्हणते, पुरुष बळकट असतात. तिला तो देश दाखवणारी सारा उत्तर देते, सिंह माणसापेक्षा बळकट आहे, म्हणून तो माणसावर राज्य करतो का? म्हणजे प्राण्यांचा दाखला त्यांनी मोडीत काढलाय, आणि तुम्ही तोच मागच्या दारानं परत घरात घेताय. विज्ञानकथेची ताकद हीच, की ती निसर्गाची परवानगी मागत नाही.

नान्नजचा माळ:
मला वेगळीच अडचण आहे. मादागास्कर कशाला? सोलापूर शहरापासून जवळ, नान्नजला, माळढोक अभयारण्य आहे. माळढोकची मादी उघड्या माळावर बहुतेक एकच अंडं घालते आणि पिल्लू एकटीच वाढवते, नर फिरकतही नाही. तो पक्षी आता दिसेनासा झालाय. त्यावर दोन तास बोला की. शिवाय अशा बेटांच्या पुस्तकांत जंगल सुंदर आणि जंगल जाळणारा गावकरी खलनायक, हे ठरलेलं.

सात रस्ता:
नान्नजकर, ही तक्रार खूप पुस्तकांना लागू आहे, या पुस्तकाला नाही. बेरेंटीभोवती घायपाताचे मळे आहेत, तिथे राबणारे तांद्रोय लोक आहेत, त्यांचे दुष्काळ आहेत. जॉली त्यांच्याबद्दल तितक्याच आस्थेनं लिहितात. आणि मादागास्कर अगदी परकं नाही हो, सुमारे ९ कोटी वर्षांपूर्वीपर्यंत ते भारताला चिकटलेलं होतं. माळढोकवर जरूर बोलू, तुम्हीच या बोलायला.

जुळे सोलापूर, सिंहाचा मुद्दा बिनतोड आहे. पण लेमूरकडून हक्क मागा असं मी म्हणतच नाही. शास्त्रज्ञ जंगलात जातानाच एक गोष्ट मनात घेऊन जातो आणि तीच त्याला दिसते, हे त्या पुस्तकातून कळतं. विज्ञानाकडे स्त्रीवादी नजरेनं पाहणाऱ्या अभ्यासक डॉना हॅरावे यांनी १९८९ मध्ये माकड-वानरांच्या अभ्यासावर जाडजूड ग्रंथ लिहिला, त्याचं शेवटचं प्रकरण विज्ञानकथेवर आणि अमेरिकी विज्ञानकथा लेखिका ऑक्टेव्हिया बटलर यांच्यावर आहे. ही जोडी माझ्या डोक्यातली लहर नाही.

विडी घरकुल:
मी त्याच गटात आहे. आई विड्या वळते. सूप मांडीवर घेऊन दिवसभर बसते, घर तिच्या कमाईवर चालतं, तरी निर्णय बाबांचा. त्यामुळे चिंच हिसकावणारी मादी वाचून मला बरं वाटलं, खोटं कशाला बोलू. पण आईला वाचून दाखवायची तर सुलतानाच. तिला विचारायला आवडेल, सुलतानाच्या त्या देशात विड्या कोण वळतं म्हणून.

जुळे सोलापूर:
हा प्रश्न रोकेयांच्या कथेला विचारलाच पाहिजे. त्या देशात कष्टकरी बाई जवळजवळ दिसतच नाही. ताई, मग सुलताना आधी घ्या. लेमूर नंतर, आणि तेव्हा मी भांडायला येणारच.