विषय: खड्ड्यामुळे गाडीचे नुकसान – दाद कोणत्या खात्याकडे मागावी?

प्रेषक: एक सभासद, सनीव्हेल

स. न. वि. वि.

गेल्या मंगळवारी रात्री येथे कॅलिफोर्नियात मुसळधार पावसात घरी परतत असताना आमच्या गाडीचे पुढचे उजवे चाक पाण्याने भरलेल्या एका खोल खड्ड्यात गेले. टायर जागीच फुटला आणि रिमही वाकली. भारतातून आलेले माझे आईवडील गाडीत होते. सुदैवाने कोणालाही इजा झाली नाही, परंतु सत्तरी ओलांडलेल्या बाबांना काळोखात आणि थंडीत पाऊण तास रस्त्याच्या कडेला थांबावे लागले, ही गोष्ट माझ्या मनातून जात नाही.

दुरुस्तीला ७६० डॉलर खर्च आला. विम्याचे डिडक्टिबल (म्हणजे आधी आपणच सोसायची रक्कम) त्याहून जास्त असल्याने विमा कंपनीकडून काही मिळणार नाही. दुसऱ्या दिवशी मी एका कार्यालयात फोन केला, तेव्हा तो रस्ता त्यांच्याकडे नसल्याचे सांगण्यात आले. त्यांनी ज्या दुसऱ्या कार्यालयाचा क्रमांक दिला, तेथे निरोप ठेवून आता चार दिवस झाले आहेत. खड्डा अजून तसाच आहे आणि तेथून रोज शेकडो गाड्या जात आहेत.

रस्ता शहराचा आहे, काउंटीचा (म्हणजे जिल्ह्यासारख्या विभागाचा) आहे की राज्याचा, हे कसे ओळखावे? राज्याचा असल्यास कॅल्ट्रान्सशी, म्हणजे राज्याच्या परिवहन खात्याशी, संपर्क कसा साधावा आणि भरपाई मागता येते का? ज्यांना या बाबतीत अनुभव आहे, त्यांनी कृपया मार्गदर्शन करावे.

आपली नम्र,
सनीव्हेलची एक सभासद

*

प्रेषक: एक ज्येष्ठ सभासद, फ्रीमॉंट

ताई,

सर्वजण सुखरूप आहात हे वाचून बरे वाटले. रस्त्यांचे आराखडे करणाऱ्या एका सल्लागार संस्थेत मी बरीच वर्षे नोकरी केली. निवृत्तीनंतरही शेजारीपाजारी नेमका हाच प्रश्न घेऊन येतात, म्हणून थोडे सविस्तर लिहितो.

पहिले काम रस्त्याचा मालक शोधण्याचे, आणि आपल्या भागात ते वाटते तेवढे सोपे नाही. एल कामिनो रिआलचे उदाहरण घ्या. दोन्ही बाजूंची दुकाने, सिग्नल आणि बसथांबे पाहून तो शहराचाच रस्ता आहे असे कोणालाही वाटेल. परंतु सनीव्हेल आणि माउंटन व्ह्यूमधून जाणारा एल कामिनो हा राज्यमार्ग क्रमांक ८२ आहे आणि तो कॅल्ट्रान्सच्या, म्हणजे कॅलिफोर्नियाच्या परिवहन खात्याच्या ताब्यात आहे. उलट लॉरेन्स, सॅन टोमास, मॉंटेग्यू, सेंट्रल हे एक्स्प्रेसवे नावावरून आणि रुंदीवरून राज्याचे वाटले, तरी ते सांता क्लारा काउंटीच्या रस्ते व विमानतळ खात्याकडे आहेत. त्यातच राज्याने काही जुने मार्ग वेळोवेळी शहरांच्या स्वाधीन केले आहेत. याच ८२ क्रमांकाच्या मार्गाचा सॅन होजेतील काही भाग आता शहराकडे आहे. त्यामुळे एका नावाच्या रस्त्याचा मालक मध्येच बदलू शकतो, आणि फोन उचलणाऱ्या कर्मचाऱ्यालाही ते नेहमी ठाऊक असतेच असे नाही.

आपल्याकडे भारतात मैलाच्या दगडाचे डोके पिवळे असले की राष्ट्रीय महामार्ग आणि हिरवे असले की राज्यमार्ग, हे लहानपणी एसटीच्या खिडकीतून पाहूनच आपण शिकलो. येथेही तशा खुणा आहेत. राज्यमार्गाचा क्रमांक फावड्याच्या पात्यासारख्या आकाराच्या हिरव्या पाटीवर असतो, तर काउंटीच्या क्रमांकित मार्गांची पाटी निळी आणि पंचकोनी असते. याहूनही उपयोगी खूण म्हणजे राज्यमार्गाच्या कडेला उभ्या असणाऱ्या अरुंद पांढऱ्या पट्ट्या. त्यांना पोस्टमाइल म्हणतात. त्यांवर मार्गाचा क्रमांक, काउंटीची आद्याक्षरे (सांता क्लारासाठी एससीएल, अलमीडासाठी एएलए) आणि खाली मैलाचा आकडा असतो. हा आकडा दक्षिणेकडून उत्तरेकडे किंवा पश्चिमेकडून पूर्वेकडे वाढत जातो आणि काउंटीची हद्द ओलांडली की पुन्हा शून्यापासून सुरू होतो. खात्यातील माणसे जागा याच आकड्यावरून ओळखतात. त्यामुळे ‘अमुक दुकानासमोर’ असे सांगण्यापेक्षा जवळच्या पोस्टमाइलचा आकडा सांगितला, तर देखभाल करणारी तुकडी थेट त्या जागी पोहोचते.

रस्ता राज्याचा आहे असे दिसले, तर फोनवर निरोप ठेवत बसू नका. कॅल्ट्रान्सच्या संकेतस्थळावर ‘कस्टमर सर्व्हिस रिक्वेस्ट’ या नावाचा अर्ज आहे. खड्डा, तुंबलेले गटार, बंद पडलेला सिग्नल, पडलेली पाटी, कचरा, वाढलेली झाडे अशा सर्व तक्रारी तेथे करता येतात. नकाशावर नेमकी जागा दाखवा. रस्त्याची दिशा, कितवी लेन, जवळचा आडवा रस्ता, खड्ड्याची अंदाजे लांबी-रुंदी आणि घटनेची तारीख व वेळ लिहा. ईमेल पत्ता अवश्य द्या, म्हणजे तक्रारीचा क्रमांक आणि पुढची प्रगती तुम्हाला कळत राहील. कॅल्ट्रान्सचे राज्यभरात १२ जिल्हे आहेत. बे एरियातील (सॅन फ्रान्सिस्को उपसागराभोवतीच्या आपल्या भागातील) नऊही काउंट्या चौथ्या जिल्ह्यात येतात आणि त्याचे मुख्य कार्यालय ओकलंडला आहे. मात्र हा अर्ज तातडीच्या धोक्यासाठी नाही. भर रस्त्यात मोठी वस्तू पडली असेल किंवा खड्ड्यामुळे गाड्या एकमेकींवर आदळण्याच्या बेतात असतील, तर थेट ९११ हा आणीबाणीचा क्रमांक लावावा. छायाचित्रासाठी वाहत्या रस्त्यावर उतरू नका. दुसऱ्या दिवशी उजेडात पदपथावरून घेतलेले छायाचित्र पुरते.

आता भरपाईचे. या राज्याच्या कायद्यानुसार रस्त्यात खड्डा होता एवढे दाखवून भागत नाही. ती जागा धोकादायक होती, संबंधित खात्याला त्याची माहिती होती किंवा असायला हवी होती, आणि दुरुस्तीसाठी पुरेसा वेळ हाती होता, हे दाखवावे लागते. नेमके येथेच बहुतेक दावे अडतात, कारण त्या खड्ड्याबद्दल आधी कोणी लेखी कळवलेलेच नसते. आपण सारे तो खड्डा चुकवून पुढे जातो, घरी येऊन त्याबद्दल बोलतो आणि विसरतो. म्हणून आपल्या मराठी मंडळाच्या या यादीवरील प्रत्येकाला माझी कळकळीची विनंती आहे की, स्वतःचे काही नुकसान झाले नसले तरी दिसलेला खड्डा कळवावा. तुमची पाच मिनिटांची तक्रार ही दुसऱ्या कोणाच्या तरी दाव्यातली सर्वांत भक्कम नोंद ठरू शकते. आणि त्याआधी, ती वेळेवर पोहोचली तर दुसऱ्या कोणावर दावा करण्याची पाळीच येणार नाही. यात कोणाचे उपकार मागण्यासारखे काही नाही. २०१७ च्या रस्तेदुरुस्तीच्या कायद्याने पेट्रोलवरचा कर गॅलनमागे १२ सेंटने वाढवला, तो याच कामासाठी, आणि तो आपण प्रत्येक वेळी टाकी भरताना देतो.

दाव्याची मुदत घटनेपासून सहा महिने आहे आणि ती मुळीच चुकवू नका. दावा १२,५०० डॉलरपर्यंतचा असेल, तर कॅल्ट्रान्सचाच दाव्याचा अर्ज भरून जिल्हा कार्यालयाकडे पाठवता येतो. त्याहून मोठ्या रकमेचा दावा राज्याच्या सामान्य सेवा खात्याकडे करावा लागतो. सोबत दुरुस्तीचे बिल, छायाचित्रे, जागेचे वर्णन आणि तक्रारीचा क्रमांक जोडा. दावा फेटाळला गेला, तर त्या पत्रापासून सहा महिन्यांत न्यायालयात जाता येते. एवढ्या रकमेसाठी लघुदावा न्यायालय पुरेसे असते आणि तेथे वकील लागत नाही. रस्ता शहराचा किंवा काउंटीचा निघाला, तरी मुदत सहा महिन्यांचीच आहे. फक्त दावा त्या शहराच्या किंवा काउंटीच्या नावे करावा लागतो. चुकीच्या कार्यालयाच्या उत्तराची वाट पाहण्यात दिवस घालवले, तरी मुदत आपल्यासाठी थांबत नाही. म्हणूनच मालक आधी शोधा.

मंडळाच्या कार्यकारिणीसाठी एक गोष्ट जाता जाता सांगतो, कारण ती याच खात्याशी संबंधित आहे. गणपतीची मिरवणूक एल कामिनोवरून न्यायची किंवा तो ओलांडून जायची असेल, तर शहराची परवानगी पुरणार नाही. राज्यमार्गावरील कोणत्याही कार्यक्रमासाठी कॅल्ट्रान्सचा एन्क्रोचमेंट परवाना (राज्याच्या रस्त्याची जागा वापरण्याची परवानगी) लागतो. परिपूर्ण अर्ज हाती आल्यानंतर निर्णय देण्यास खात्याला कायद्याने ६० दिवसांची मुदत आहे आणि अर्ज परिपूर्ण होण्यातच अनेकदा काही आठवडे जातात. म्हणून भाद्रपदातील मिरवणुकीचा अर्ज आषाढी एकादशीच्या निदान महिनाभर आधी गेलेला असावा.

आपला,
फ्रीमॉंटचा एक ज्येष्ठ सभासद

*

प्रेषक: एक सभासद, मिलपिटास

सर्वांना नमस्कार.

काकांनी सर्व काही लिहिले आहेच. ताईंच्या पत्रातील पाऊण तासाची गोष्ट वाचून मला एवढेच जोडावेसे वाटते की, असा प्रसंग फ्रीवेवर (सिग्नल नसलेल्या जलद महामार्गावर) आला, तर फ्रीवे सर्व्हिस पॅट्रोल ही विनामूल्य सेवा उपलब्ध आहे. कॅल्ट्रान्स, महामार्ग पोलीस आणि स्थानिक परिवहन संस्था मिळून ती चालवतात. त्यांचे टो ट्रक (बंद गाडी ओढून नेणारे ट्रक) प्रामुख्याने गर्दीच्या वेळी फ्रीवेवर फिरत असतात. ते टायर बदलून देतात, उतरलेली बॅटरी चालू करून देतात, संपलेले पेट्रोल एक गॅलनपर्यंत देतात, आणि यातल्या कशानेच गाडी सुरू झाली नाही, तर ती फ्रीवेवरून उतरवून ठरवून दिलेल्या सुरक्षित जागी नेऊन ठेवतात. बे एरियात ५११ वर फोन करून ‘फ्रीवे असिस्ट’ म्हटले की मदत मागता येते.

दोन वर्षांपूर्वी ८८० क्रमांकाच्या फ्रीवेवर माझी गाडी बंद पडली, तेव्हा मुलगी मागच्या आसनावर रडत होती आणि शेजारून ट्रक धडाडत जात होते. तो चालक आला, त्याने दहा मिनिटांत चाक बदलले आणि मी पुढे केलेली बक्षिसी नम्रपणे नाकारली. त्यांना ती घेण्याची परवानगीच नसते. ही सेवा शहरातल्या रस्त्यांवर येत नाही, त्यामुळे ताईंना त्या रात्री तिचा उपयोग झाला नसता. परंतु ज्यांचे आईवडील सध्या येथे आले आहेत, त्यांनी ५११ हा क्रमांक घरातील सर्वांच्या फोनमध्ये नोंदवून ठेवावा.

आपला,
मिलपिटासचा एक सभासद

*

प्रेषक: एक सभासद, सनीव्हेल

आदरणीय काका आणि सर्व मंडळी,

आपणा सर्वांचे मनापासून आभार. शनिवारी सकाळी बाबांना सोबत घेऊन मी त्या जागी गेले. पदपथावरून चालत पाट्या आणि खुणा शोधायचे काम बाबांनीच आवडीने अंगावर घेतले. रस्ता कोणाचा आहे ते निश्चित झाले, त्याच दुपारी योग्य खात्याकडे लेखी तक्रार गेली आणि तिचा क्रमांकही मिळाला. दाव्याचा अर्ज बिल आणि छायाचित्रांसह टपालाने पाठवला आहे. शेवटची तारीख आम्ही घरातील दिनदर्शिकेवर लिहून ठेवली आहे.

आम्ही तेथे उभे असताना समोरच्या इमारतीतील एक गृहस्थ बाहेर आले. आमच्यानंतर दोनच दिवसांनी त्यांच्याही गाडीचा टायर त्याच खड्ड्यात फुटला होता, आणि त्यांनी कोठेही कळवलेले नव्हते. त्यांना मी आमच्या तक्रारीचा क्रमांक लिहून दिला आहे. या यादीवरील आणखी कोणाचे त्या जागी नुकसान झाले असेल, तर मला स्वतंत्रपणे लिहावे. क्रमांक आणि नेमकी जागा मी लगेच पाठवीन.

आपली नम्र,
सनीव्हेलची एक सभासद