ऐपत नाही म्हणे!

उद्यमनगरी: काल इथं कुणीतरी लिहिलंय, "बाकीदाराकडं पैसेच नाहीत तर कोर्टात वसुलीची दरखास्त लावणं म्हणजे मेलेल्याला मारणं." वाचून डोकं फिरलं. माझं फाउंड्रीचं काम. कास्टिंग उचलून एकानं चार लाख तीस हजार थकवले. दावा जिंकायला सहा वर्षं, मग दरखास्त. कोर्टाचा बेलिफ जप्तीला गेला तर घरात एक कपाट नि दोन खुर्च्या. बंगला बायकोच्या नावावर, गाडी मेव्हण्याच्या. अटकेचा अर्ज दिला तर कोर्ट म्हणतं, ऐपत आहे हे तुम्ही दाखवा. मी काय सीआयडी हाय? टाका की कळंब्याच्या जेलात!

बावड्याचा वकील: राग बरोबर, कायदा चूक. दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम ५१ वाचा. ऐपत असून देत नाही, किंवा दाव्यानंतर लबाडीनं मालमत्ता दुसऱ्याच्या नावावर केली, अशा कारणांनीच दिवाणी कैद. १९८० मध्ये जॉली जॉर्ज वर्गीस खटल्यात न्या. कृष्ण अय्यर यांनी स्पष्ट सांगितलंय, निव्वळ गरिबीसाठी माणूस आत जाणार नाही. आणि आत टाकलंत तरी जास्तीत जास्त तीन महिने, त्याच्या जेवणाचा भत्ता तुम्हीच भरायचा. बंगल्याचं बक्षीसपत्र कधीचं?

उद्यमनगरी: म्हणजे पैसे बुडवले त्यानं आणि जेवू मी घालायचं? वा! बक्षीसपत्र माझी नोटीस मिळाली त्याच महिन्यातलं. दाव्याच्या आधी.

शाहूपुरी २०१९: कालची पोस्ट माझीच. २०१९ च्या महापुरात दुकानात छातीएवढं पाणी होतं. माल गेला, उधारी राहिली. मला ज्यांनी कोर्टात खेचलं त्यांच्याही दुकानात पाणी होतं, हे मला कळतं. पण बेलिफ दारात उभा असताना आईनं चहा विचारला त्याला. तो दिवस तुमच्या वाट्याला येऊ नये.

उद्यमनगरी: तुमच्याबद्दल नाही बोललो मी.

शाहूपुरी २०१९: "टाका कळंब्यात" म्हणताना कोण कुणाचं नाव बघतंय?

सही करून फसलो: तुम्ही दोघं भांडा. जामीनदाराचं कोण बोलणार? मित्राला पतसंस्थेचं कर्ज, मी जामीन. त्यानं हप्ते थांबवले, माझ्या पगारातून कापायला सुरुवात. आणि हा गडी पोरीच्या लग्नात हजार पानं उठवतोय. मलाही आमंत्रण होतं!

तालमीतला: गेलासा का जेवायला?

सही करून फसलो: गेलो. आहेर नाही केला.

बावड्याचा वकील: करार कायदा कलम १२८. जामीनदाराची जबाबदारी कर्जदाराएवढीच. वसुली आधी कुणाकडून करायची हे संस्था ठरवते.

सही करून फसलो: कलमं पाठ हायत तुम्हाला. सही करताना मॅनेजर म्हणाला, "फॉर्मॅलिटी हाय साहेब." त्याला कुठलं कलम?

तालमीतला: न वाचता सही करणाऱ्याला कसली सहानुभूती? पदवीधर असशील.

सही करून फसलो: तुझ्या भावाला कर्ज लागेल तेव्हा ये माझ्याकडं.

गुळाचा अडत्या: आमच्या धंद्यात अजून जिभेवर व्यवहार चालतो. कोर्टाची पायरी चढला की पैसेही गेले, माणूसही गेला.

उद्यमनगरी: जिभेवर दिलं म्हणूनच सहा वर्षं गेली, अडते!

बावड्याचा वकील: मूळ मुद्द्यावर येऊ. बक्षीसपत्र दाव्यानंतरचं असतं तर तोच अटकेचा आधार झाला असता. आता त्यावर वेगळं लढावं लागेल. पण त्याच संहितेच्या आदेश २१ नियम ४१ खाली त्याच्याकडून मालमत्तेचं प्रतिज्ञापत्र मागवा. कोर्टाचा आदेश होऊनही दिलं नाही, तर त्यासाठीच तीन महिन्यांपर्यंत कैद होऊ शकते. हुकूमनाम्याच्या, म्हणजे कोर्टाच्या निकालाच्या, वसुलीला बारा वर्षं मुदत असते, तुमची अजून संपलेली दिसत नाही.

उद्यमनगरी: हे माझ्या वकिलानं सहा वर्षांत एकदाही सांगितलं नाही. बरं, टाकतो अर्ज. तुम्ही सांगितलं म्हणून नव्हे, दुसरा इलाज नाही म्हणून. आणि शाहूपुरीवाले, तुमच्या आईंना नमस्कार सांगा.

शाहूपुरी २०१९: सांगतो. पण कळंब्याची ओळ खोडा आधी.

सही करून फसलो: माझं काय झालं मग?