अनुभव धागा: चकव्याने तुमचे नेमके काय खाल्ले?

वाट चुकवणाऱ्या चकव्याच्या गोष्टी आपण सगळेच ऐकत आलो आहोत, पण हे भूत इतर भुतांसारखे मानगुटीवर बसत नाही, रक्त पीत नाही किंवा एखादे झाडही धरून राहत नाही, हे माझ्या फार उशिरा लक्षात आले. त्याचे भक्ष्य एकच, माणसाचा तर्क. डोळ्यांना आणि आठवणीला तो हात लावत नाही. दिसलेल्या खुणेनंतर मनात जो ‘म्हणजे’ यायला हवा, तेवढाच तो खातो. चकवा खरा की खोटा, हा वाद येथे नको. तो लागला तेव्हा विचारातला कोणता दुवा गळला, तेवढे लिहावे, ही विनंती. सुरुवात मीच करतो.

राजापूर तालुक्यातल्या आमच्या वाडीला जायचे तर सडा, म्हणजे कातळाचे मोकळे पठार, ओलांडावा लागतो. दिवाळीच्या आधीचे दिवस होते, गवत गुडघ्यापर्यंत वाढले होते आणि शेवटच्या एसटीतून उतरून मी तिन्हीसांजेला नेहमीच्या वाटेने निघालो होतो. करवंदीच्या एका जाळीला निळ्या ताडपत्रीची चिंधी अडकलेली दिसली. थोड्या वेळाने पुन्हा करवंदीची जाळी आणि निळी चिंधी दिसली, तेव्हा वाऱ्याने एकाच ताडपत्रीचे तुकडे सड्यावर सगळीकडे उडाले असणार, असे मला वाटले. तिसऱ्या वेळी, कोणा भल्या माणसाने वाट कळावी म्हणून ठरावीक अंतरावर चिंध्या बांधल्या आहेत, असा निष्कर्ष काढून मी त्याचे मनोमन आभारही मानले! चिंधी एकच आहे, म्हणजे मीच फिरतो आहे, एवढी साधी गोष्ट खालच्या वाडीतले कुत्रे भुंकेपर्यंत मला सुचली नाही.

* * *

माझे माहेर पाटण खोऱ्यातले. चकवा लागला तर चालणे थांबवावे, खाली बसावे, चंची सोडून सावकाश पान लावावे आणि तरीही वाट उमगली नाही तर अंगातले वस्त्र उलटे करून घालावे, असे आजी सांगत असे. कॉलेजात असताना मी तिची यथेच्छ टिंगल केली होती. पुढे एका थंडीत शेतावरून परतताना बॅटरी संपली आणि मी एकाच बांधावर तीनदा आले, तेव्हा कोणी पाहत नाही याची खात्री करून स्वेटर उलटा केला. एक बाही आतच अडकली, डोके बाहेर यायला वेळ लागला, आणि त्या झटापटीत पाय थांबलेले असताना नदीचा आवाज उजवीकडून येतो आहे, हे प्रथमच कानांवर आले. घरी जाताना नदी डाव्या हाताला असायला हवी. आवाज तर सारा वेळ येतच होता. रशियन लोककथांतला लेशी हा रानाचा राखणदारही वाटसरूंना असाच फिरवतो आणि त्यावरही कपडे उलटे घालण्याचाच उतारा आहे, हे नंतर वाचले, पण ते सांगायला तेव्हा आजी राहिली नव्हती.

* * *

हरिश्चंद्रगड, जुलै महिना. खिरेश्वरहून टोलारखिंडीमार्गे वर आलो आणि पठारावर धुके इतके दाटले की पुढच्या माणसाची सॅकही दिसेना. होकायंत्र माझ्या हातात होते. आलो त्याच दिशेला परत निघालो आहोत, असे सुई दाखवत होती. त्यावर, बेसॉल्टमध्ये लोह असते, म्हणून सुई भरकटली आहे, असे मी साथीदारांना आत्मविश्वासाने समजावले. बेसॉल्टमध्ये लोह असते हे खरेच आहे, आणि त्यामुळेच कोणी मला अडवले नाही. आम्ही पाऊण तास चाललो आणि आमच्याच बुटांच्या ठशांवर येऊन उभे राहिलो. माझ्या मते चकवा अडाण्यापेक्षा शिकलेल्याला अधिक आवडीने खातो, कारण तेथे त्याला कारणांचा साठा तयार मिळतो. जर्मनीतल्या ट्यूबिंगेन येथील संशोधकांनी २००९ साली प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात माणसांना जंगलात सरळ चालायला सांगितले होते. ढगाळ दिवशी चाललेले चौघेही गोल फिरले आणि त्यांतल्या तिघांनी स्वतःचीच वाट पुनःपुन्हा ओलांडली, तरी त्यांना त्याचा पत्ता नव्हता. सूर्य दिसत होता तेव्हा मात्र माणसे जवळजवळ सरळ चालली.

* * *

मला रानातला अनुभव नाही, पण मी एका बँकेत तीस वर्षे खतावण्या जुळवल्या आहेत. एका संध्याकाळी ५४० रुपयांचा फरक निघाला. फरकाला नऊने भाग जात असेल तर आकड्यांची अदलाबदल झाली आहे का ते आधी पाहावे, हे मी नवशिक्यांना शिकवत असे. त्या रात्री दहा वाजेपर्यंत मी वरून खाली बेरीज करत राहिले आणि प्रत्येक वेळी त्याच ओळीवरून पुढे गेले. शेवटी शिपायाने चहा आणला आणि सहज म्हणाला, “बाई, आता खालून वर करून बघा.” ४,८२० च्या जागी ४,२८० लिहिले होते, तेही माझ्याच अक्षरात. वरच्या ताईंचा उलटा स्वेटर वाचून मला तो चहा आठवला.

* * *

आमच्या सिंधुदुर्गात चकवा आहे तसा देवचार हा राखणदारही आहे. वाट चुकलेल्याला तो काठीच्या आवाजाने घरापर्यंत पोहोचवतो, अशी श्रद्धा आहे. मला काठी ऐकू आली नाही. शेजारच्या काकांची विडी दिसली आणि तिच्या मागे मी घरी आलो. काका स्वतःच वाट चुकलेले होते, हे त्यांनी दुसऱ्या दिवशी सांगितले.

* * *

आमच्या गावात चकव्याची जागा ठरलेली आहे, तीन बांध मिळतात ती. दोन वर्षांपूर्वी ग्रामपंचायतीने तेथे दिवा लावला आणि तेव्हापासून त्या जागी कोणालाच चकवा लागलेला नाही. आता तो दिव्याचा उजेड संपतो तेथे लागतो. गेल्या अमावास्येला आमचे मामा तेथे दोन तास फिरले आणि घरी येऊन म्हणाले, “वाट बरोबरच होती, घर सरकले होते.”