फोनवरून गेम थेट लाइव्ह दाखवावा, की आधी रेकॉर्ड करून मग टाकावा?

पाऊलवाट (धागाकर्ती)

गेलं सव्वा वर्ष मी आठवड्यातून तीन संध्याकाळी माझ्या फोनवरून गेम लाइव्ह दाखवते. कॉम्प्युटर नाही, कॅप्चर कार्ड (गेमचं चित्र टिपून कॉम्प्युटरला देणारं यंत्र) नाही, वेगळा कॅमेरा नाही. परवा एका ओळखीच्यांनी मला ठणकावून सांगितलं, "फोनवरचं लाइव्ह म्हणजे लोकांना अडखळत चालणारं चित्र दाखवणं. नीट रेकॉर्ड कर, नको ते काप आणि मग टाक." मला हे मुळीच पटलेलं नाही, म्हणून हा धागा.

फोनवरून लाइव्ह जाणं हा आता जुगाड राहिलेला नाही. अँड्रॉइडवर २०१४ पासून, म्हणजे ५.० आवृत्तीपासून, आपल्या परवानगीने ॲपला स्क्रीन टिपता येते. आयफोनवर २०१७च्या आयओएस ११ पासून कुठल्याही ॲपची स्क्रीन थेट पाठवता येते. अडायचं ते आवाजापाशी. गेमचा आवाज स्पीकरमधून बाहेर यायचा, माईक तो उचलायचा आणि ऐकणाऱ्याला विहिरीतून आल्यासारखा ऐकू यायचा. २०१९च्या अँड्रॉइड १० मध्ये गेमचा आवाज आतल्या आत घ्यायची सोय आली आणि ती तक्रारही मिटली.

मी कोडी सोडवायचे, शोधाशोधीचे गेम खेळते. एकदा एका बंद दारापाशी चाळीस मिनिटं अडकले होते. बघणारे अकरा जण. त्यातल्या एकाने त्याआधी महिनाभर एक अक्षर लिहिलं नव्हतं. त्याने लिहिलं, "मागच्या खोलीतलं घड्याळ परत बघा." दार उघडलं! त्या संध्याकाळी आम्ही बाराही जण जे ओरडलो असू, ते रेकॉर्ड करून टाकलेल्या व्हिडिओत कुठून येणार? तिथे माझी चाळीस मिनिटं कापून दोन झाली असती आणि तो माणूस अजून गप्पच असता.

हातात फोन आहे ना, मग लाइव्ह जा. सामानाची वाट बघत बसू नका, असं माझं स्पष्ट मत आहे.

जुना गडी

ताई, पूर्ण असहमत. तुमच्या अकरा जणांचा आदर ठेवून सांगतो.

फोन त्या वेळी एकाच अंगावर किती कामं घेतो बघा. गेम चालवायचा, स्क्रीन पूर्ण उजेडात ठेवायची, व्हिडिओ दाबून लहान करायचा आणि तो सेकंदाचाही खंड न पडता वर पाठवायचा. व्हिडिओ दाबायला चिपमध्ये वेगळा भाग असतो, त्यामुळे एकटं ते काम जड नाही. पण सगळ्यांची उष्णता एकाच पातळ डब्यात साठते आणि फोनला पंखा नसतो. तापला की तो स्वतःला वाचवायला वेग कमी करतो. माझ्या फोनवर हे पंचविसाव्या मिनिटाच्या आसपास व्हायचं. नेम धरलाय, बोट दाबलंय आणि चित्र थिजलेलं. मी हरतो, सोबतचे तिघंही माझ्यामुळे हरतात, आणि बघणाऱ्याला दिसतात नुसते चौकोन.

आता मी फक्त रेकॉर्ड करतो. पाऊण तासाच्या खेळात बघण्यासारखी सहा-सात मिनिटं असतात, तेवढीच ठेवतो. बघणाऱ्याच्या वेळेलाही किंमत आहे, आणि ती आपण जपायची असते असं मला मनापासून वाटतं.

पाऊलवाट

@जुना गडी, तापण्याचं अगदी खरं आहे, पण त्यावर उपाय आहेत. मी कव्हर काढते, उजेड निम्म्यावर आणते, गेमचे फ्रेम (सेकंदाला दिसणारी चित्रं) ३० वर बांधते आणि लाइव्ह चालू असताना शक्यतो चार्जिंगला लावत नाही. काही फोनमध्ये बॅटरीला वगळून वीज थेट फोनला द्यायची सोय असते. तुमच्यात असेल तर जरूर वापरा, फरक हाताला जाणवतो. आणि चित्राची स्पष्टता मध्यम, म्हणजे ७२०पीच ठेवते. पाच-सहा इंची पडद्यावर बघणाऱ्याला त्याहून जास्त कशाला हवं?

रानवारा

स्क्रीन पाठवणारी ॲप लिहिण्याचं काम मी काही वर्षं केलंय, म्हणून दोन गोष्टी. बाजू कुणाचीच घेत नाही.

लोक डाउनलोडचा वेग बघून लाइव्ह जातात. इथे लागतो अपलोड, आणि तो बहुतेक जोडण्यांवर बराच कमी असतो. यूट्यूबची ७२०पी, ३० फ्रेमसाठीची शिफारस ४ एमबीपीएस (सेकंदाला ४ मेगाबिट) आहे. म्हणजे तासाला साधारण १.८ जीबी डेटा फक्त वर जाणार. आणि तो वेग सलग हवा. वेगाच्या चाचणीत एकदा १० दिसले म्हणून भागत नाही, कारण मोबाइल डेटावर त्याच टॉवरवरचे बाकीचे लोकही वाटेकरी असतात. चाचणीत जो अपलोड दिसेल त्याच्या निम्म्यावर बिटरेट (व्हिडिओ सेकंदाला किती डेटा पाठवतो तो आकडा) ठेवावा, असं मी सगळ्यांना सांगतो.

दुसरी गोष्ट आयफोनची. तिथे स्क्रीन पाठवणारा भाग गेमपासून वेगळा चालतो आणि त्याला ५० एमबी एवढीच मेमरी मिळते. ती ओलांडली की सिस्टीम त्याला तिथल्या तिथे बंद करते. गेम मात्र चालूच राहतो. नोटिफिकेशन बंद करून खेळणारा माणूस पुढे वीस मिनिटं बोलत असतो आणि पलीकडे कोणीही नसतं. असे फोन मला कितीदा आले असतील! म्हणून दुसऱ्या एखाद्या फोनवर स्वतःचं लाइव्ह आवाज बंद करून उघडं ठेवा.

दीपमाळ

+१ रेकॉर्डिंगला, पण माझं कारण वेगळं आहे.

यूट्यूबचं वेगळं गेमिंग ॲप २०१५ मध्ये आलं, २०१९ मध्ये गेलं. मायक्रोसॉफ्टने गेम लाइव्ह दाखवायचं आपलं मिक्सर हे व्यासपीठ २२ जुलै २०२० रोजी बंद केलं. फेसबुक गेमिंगचं ॲप एप्रिल २०२० मध्ये आलं आणि ऑक्टोबर २०२२ मध्ये गेलं. मी ज्या एका छोट्या ॲपवर दोन वर्षं लाइव्ह जात होते, तेही असंच बंद झालं. माझ्याकडे एकही संध्याकाळ उरली नाही. फोनमध्ये आधी फाईल तयार झाली असती तर ती माझी असती. आता मी आधी फोनवर साठवते, मग कुठे टाकायचं ते ठरवते.

पाऊलवाट

@दीपमाळ, वाचून खरंच वाईट वाटलं. पण बऱ्याच ॲपमध्ये लाइव्ह चालू असताना फोनवर प्रत ठेवायचा पर्याय असतो. जागा खातो, तरी ठेवावाच. म्हणजे दोन्ही साधतं.

निवांत

मुलांबद्दल कोणीच बोललेलं नाही. माझा भाचा चौदा वर्षांचा आहे. "लाइव्ह जायचंय" हे त्याचं रोजचं पालुपद. यूट्यूबवर फोनवरून लाइव्ह जायला ५० सबस्क्रायबर लागतात, ते त्याने वर्गातून गोळा केले. पण २२ जुलै २०२५ पासून तिथे एकट्याने लाइव्ह जायचं किमान वय १६ झालंय. सोबत मोठं माणूस दिसायला हवं. भाचा माझ्यावर चिडलाय आणि मला मात्र हा नियम शंभर टक्के पटतो. व्हिडिओखाली घाणेरडी कमेंट आली तर मी ती त्याच्या आधी वाचून काढू शकतो. लाइव्हमध्ये ती थेट त्याच्या डोळ्यांसमोर येते, तो खेळत असताना, बोलत असताना.

आम्ही तोडगा काढला आहे. शनिवारी तो खेळतो, रेकॉर्ड करतो, आणि रविवारी आम्ही दोघं बसून कापतो. कापताना तो स्वतःच म्हणाला, "मामा, मी इथे किती ओरडतोय."

कोरी पाटी

मी कधीच लाइव्ह जात नाही. दुसऱ्याच्या लाइव्हमध्ये सापडलेला माणूस आहे, म्हणून लिहितो.

चौघांच्या गटात नेहमी खेळायचो. सगळे ओळखीचे, निदान आवाजाने तरी. एका रात्री डाव सुरू व्हायची वाट बघताना मी माझ्या आईच्या आजाराबद्दल बोललो. रिपोर्टमध्ये काय आलं, मला कशाची भीती वाटते, सगळं. मन हलकं झालं. आठवड्याने गटाबाहेरच्या एका तिऱ्हाईत माणसाने विचारलं, "आई कशा आहेत?" मी चाट पडलो. आमच्यातला एक जण त्या रात्री लाइव्ह होता. साठएक जणांनी ते ऐकलं होतं, आणि त्याचं रेकॉर्डिंग चॅनेलवर तसंच होतं. अजूनही आहे.

त्याने मुद्दाम केलं नाही, हे मला माहीत आहे. तो मला म्हणाला, "अरे, मी नेहमीच लाइव्ह असतो, मला वाटलं तुला ठाऊक असेल." पाऊलवाट, तुमचे अकरा जण बघायला आले होते, स्वतःहून. मी कुठे आलो होतो? तुम्ही सगळे तापमान आणि बिटरेटबद्दल बोलताय. माझ्या दृष्टीने लाइव्हविरुद्धचा खरा मुद्दा हाच आहे की तोंडातून निघालेलं परत घ्यायला एक सेकंदही मिळत नाही.

जुना गडी

@कोरी पाटी, वाचून गलबलून आलं. आई आता कशा आहेत?

पण एक शंका. अँड्रॉइडवर आतून घेतला जातो तो गेमचा आवाज. सोबत्यांचं बोलणं हा संवादाचा आवाज धरला जातो आणि तो टिपला जात नाही, असं मी समजत होतो. मग ते बाहेर गेलं कसं?

रानवारा

@जुना गडी, तुम्ही म्हणता तो नियम बरोबर आहे. बोलण्याचा म्हणून नोंदवलेला आवाज साध्या ॲपला आतून घेता येत नाही. पण आवाज कोणत्या प्रकारात नोंदवायचा हे गेम बनवणारा ठरवतो. सोबत्यांचं बोलणं गेमच्या आवाजातच मिसळलं तर ते त्याच्यासोबत जातं. आणि त्याहून सोपी वाट म्हणजे स्पीकर. हेडफोन न लावता खेळणाऱ्याच्या माईकमध्ये सगळंच जातं. म्हणून "टिपलं जात नाही" या भरवशावर कोणीही राहू नये. आधी खासगी लाइव्ह करून, सोबत्याला बोलायला लावून, स्वतः ऐकून बघावं.

हेच स्क्रीनचं. नव्या अँड्रॉइडवर फक्त गेमचीच स्क्रीन पाठवायचा पर्याय असतो, आणि अँड्रॉइड १५ तर लाइव्ह चालू असताना ओटीपीचे मेसेज झाकतं. जुन्या फोनवर ओटीपी सरळ सगळ्यांना दिसतो.

कोरी पाटी

आई आता बरी आहे. विचारल्याबद्दल आभार.

जुना गडी

ऐकून बरं वाटलं. ताई, आता तुमच्याकडे परत येतो. तुमचा घड्याळाचा किस्सा मला आवडला, पण तो कोड्याच्या गेमचा आहे. तिथे सूचना पंधरा सेकंद उशिरा आली तरी दार कुठे जात नाही. मी लढाईचे गेम खेळतो. लाइव्ह जायचो तेव्हा माझा प्रतिस्पर्धी माझंच लाइव्ह उघडून मी कुठे लपलोय ते बघायचा. त्याला टाळायला मला मुद्दाम काही मिनिटांचा उशीर ठेवावा लागायचा. मग बघणारा ओरडायचा "मागे बघ!", तेव्हा मी केव्हाच मेलेलो असायचो. तुम्ही ज्या गप्पांसाठी लाइव्ह जायला सांगता, त्या माझ्या गेममध्ये होतच नाहीत.

पाऊलवाट

@जुना गडी, हे मान्य. मी "हातात फोन आहे ना, मग लाइव्ह जा" असं सरसकट लिहिलं, ते सगळ्या गेमना लागू नाही. मी उशीर सर्वांत कमी ठेवते तरी काही सेकंद जातातच. कोड्यात ते खपतं, तुमच्या गेममध्ये नाही खपणार. तरी कोड्याच्या गेमचं लाइव्ह मी सोडणार नाही. काल सहाच जण होते आणि त्या सहांसाठी मला रोज बसावंसं वाटतं.

कोरी पाटी, तुमचा प्रतिसाद मी तीनदा वाचला. अधूनमधून मीही एका मैत्रिणीसोबत दोघींचा गेम खेळते. आपण लाइव्ह आहोत हे मी तिला सांगते, पण ते सुरुवातीला एकदाच. मध्येच आम्ही काय काय बोलतो! आज जुनी तिन्ही रेकॉर्डिंग खासगी केली आणि तिला ऐकायला पाठवली. ती हो म्हणेल तेवढीच परत उघडीन.

निवांत

@कोरी पाटी, ते रेकॉर्डिंग यूट्यूबवर असेल तर तुमच्या मित्राला अख्खा व्हिडिओ काढायची गरज नाही. यूट्यूब स्टुडिओ म्हणून चॅनेल सांभाळायची जी सोय आहे, तिच्या एडिटरमध्ये मधला तुकडा कापता येतो, लिंक तीच राहते. त्याने नाहीच ऐकलं तर खासगीपणाची तक्रार करायची सोय आहे. आवाजावरून तुम्ही ओळखू येत असाल तरी ती करता येते. त्याला आधी ४८ तास देतात, मग ते स्वतः बघतात.

कोरी पाटी

हे मला माहीत नव्हतं. त्याला दोनदा लिहिलं होतं, दोन्ही वेळा तो म्हणाला की अख्खा व्हिडिओ जाईल, त्या दिवशीचा जिंकलेला डाव जाईल. तक्रार करायची नाही मला, मित्र आहे तो. आज रात्री बसून नेमकी मिनिटं शोधतो आणि तेवढीच काप म्हणून लिहितो. डाव राहू दे त्याचा. छान खेळला होता.