कार्टून पोरांचं, विनोद आपले: हे बरोबर आहे का?

कृष्णाकाठचा_बाप (विश्रामबाग, सांगली)
रविवारी घरी 'श्रेक' लावला. २००१ चा सिनेमा, मी शाळेत असताना पाहिलेला, म्हणून बिनधास्त लेकीला घेऊन बसलो. वय वर्षं सात. बुटक्या फारक्वाडचा तो आभाळाला टेकलेला किल्ला आला आणि श्रेक गाढवाला म्हणतो, गडी कशाची तरी कसर भरून काढतोय वाटतं. मी फिस्सकन हसलो. लेकीनं भडंगाची वाटी खाली ठेवली. "बाबा, काय झालं?"

काय सांगणार? "किल्ला केवढाय बघ ना," म्हणून वेळ मारून नेली.

पोरांचा म्हणून सिनेमा विकायचा आणि त्यांच्या डोक्यावरून आईबापाला डोळा मारायचा, ही मला लबाडी वाटते. तुम्हाला?

कंदी_पेढा (सातारा)
दादा, लबाडी कसली? तिकीट कोण काढतं? पोरगं काय एकटं थेटरात जात नाही. दीड तास आपण काय नुसता मोबाइल चाळत बसायचं? 'झूटोपिया'तला (२०१६) तो स्लॉथ आठवा. सरकारी खिडकीत बसून एकेक शब्द ओढत बोलणारा. पोरं त्याच्या तोंडाला हसतात, आपण खिडकीसमोर गेलेल्या आपल्या दुपारी आठवून हसतो. एकाच वेळी, एकाच सोफ्यावर.

कृष्णाकाठचा_बाप
स्लॉथ मान्य. लेकीनं विचारलं तर तो सांगता येतो. किल्ला सांगता येत नाही, एवढंच माझं दुखणं.

वाळव्याची_सून
अहो, पण सांगायचंच कशाला? तिचा विनोद तिला मिळाला की. राजा एवढासा, किल्ला एवढा. आणि तुम्ही स्वतः शाळेत असताना पाहिलात, तेव्हा कळला होता का? काय बिघडलं तुमचं?

जत्रेत आजोबांच्या खांद्यावर बसून गवळण बघायचे मी. मावशी बोलली की आजोबांचा खांदा गदगदा हलायचा, अन् मी हसायचे ते मावशीच्या चालीला. खांदा का हलायचा ते कळायला पुढं पंधरा वर्षं गेली. पठ्ठे बापूराव आमच्या तालुक्यातल्या रेठरे हरणाक्षचे. दोन अर्थांचं बोलणं काय हॉलिवूडनं शिकवलेलं नाही आम्हाला.

नाथांचा_टाळकरी
ताई, तमाशाला गेलेला माणूस तमाशाला म्हणूनच जायचा, पोरांचा खेळ म्हणून कुणी विकत नव्हतं. त्यापेक्षा भारूड घ्या. 'विंचू चावला' सुरू झालं की पोरं भारूडकऱ्याच्या उड्यांना हसतात आणि मोठ्यांना कळतं की हा विंचू कामक्रोधाचा. तिथं आतला अर्थ माणसाला वर नेतो. किल्ल्याचा विनोद कुठं नेतो?

कंदी_पेढा
बुवा, प्रत्येक हसू पंढरपूरलाच पोचलं पाहिजे का?

नाथांचा_टाळकरी
नको पोचू दे. निदान उलट्या गाडीत तरी बसवू नका.

डबिंग_बरं_असतं
अर्धा प्रश्न भाषेनंच सोडवलाय. 'फारक्वाड' हे नाव इंग्रजीत घाईनं म्हटलं की शिवीसारखं ऐकू येतं. देवनागरीत बिचारा नुसता फारक्वाड.

खडू_फळा (कराड)
२०२४ पासून सेन्सॉरच्या यूए शिक्क्याचे ७+, १३+ आणि १६+ असे तीन भाग झालेत, ते बघून लावावं हे खरं. पण शेजारी बसलेला बाप कधी फिस्सकन हसेल, ते कुठल्याच शिक्क्यावर लिहीत नाहीत. माझा वर्गातला अनुभव सांगतो: पोराला विनोद दिसत नाही, मोठ्यांचं दचकणं दिसतं. तुम्ही वेळ मारून नेलीत ना, तिथंच तिनं गाठ मारून ठेवली असणार.

कृष्णाकाठचा_बाप
गुरुजी, बरोबर ओळखलंत. काल ती आईला सांगत होती, "बाबा किल्ला बघून हसतो." दिवाळीच्या सुट्टीत अजिंक्यताऱ्यावर जायचं ठरलंय. मला आत्तापासूनच बजावून ठेवलंय: "तिथं सगळ्यांसमोर हसायचं नाही हं."